मधले दिवस

दहा तारखेच्या संध्याकाळी आमच्या घरात स्टोव्ह उशिरा पेटायचा. दादा, म्हणजे माझे वडील, गिरणीतून पगार घेऊन यायचे, हातपाय धुऊन पाकीट देवापुढे ठेवायचे आणि मग ते आईच्या हातात द्यायचे. नोटा मोजण्याआधी आई पाकिटातली पगाराची चिठ्ठी काढून माझ्याकडे सरकवायची. "महागाई किती आलीय बघ गं." मी तेव्हा पाचवी-सहावीत असेन. मूळ पगार घरातल्या सगळ्यांना पाठ होता, कारण तो वर्षानुवर्षं हलायचाच नाही. हलायची ती महागाई, म्हणजे महागाई भत्ता. चिठ्ठीवर तिचा वेगळा रकाना होता आणि त्यातला आकडा मूळ पगाराहून कितीतरी मोठा असायचा. आमचं घर खरं म्हणजे त्या दुसऱ्या रकान्यावर चालायचं.

आई मागच्या महिन्याची चिठ्ठी डब्यातून काढून नव्या चिठ्ठीशेजारी ठेवायची. महागाई दोन-चार रुपयांनी वाढलेली असली तरी तिचा चेहरा खुलायचा नाही. "वाणी आजचा भाव आज घेतो, गिरणी मागाहून देते. मधल्या दिवसांचं काय?" असं ती म्हणायची. मधल्या दिवसांचं ती स्वतःच बघायची. तुरीच्या डाळीत मसूर मिसळली जायची, आमटीत पाणी वाढायचं, रॉकेल वाचवायला सकाळीच दोन्ही वेळच्या भाकऱ्या होऊन जायच्या. आणि शेवटी ती जेवायला बसायची तेव्हा पातेलं तिरकं करून पळीने खरवडल्याचा आवाज यायचा. तो आवाज माझ्या कानांतून अजून गेलेला नाही.

पुढे मी अर्थशास्त्र शिकले आणि चौतीस वर्षं शिकवलं. कॉलेजात दिवसा, आणि त्यातली बरीच वर्षं संध्याकाळी कामगारांच्या वर्गात. अर्थसंकल्प आला, करात बदल झाला, रेशनचे नियम फिरले की परळ-लालबागकडच्या एखाद्या सभागृहात मला बोलवायचे आणि विचारायचे, "बाई, यात आमचं काय?" आयुष्यभर मी या एकाच प्रश्नाची उत्तरं देत आले. आज मागे वळून बघताना वाटतं की या प्रश्नाचा गाभा आईने त्या दोन चिठ्ठ्या शेजारी ठेवून मला आधीच दाखवला होता. भाव पुढे जातो, पगार मागून येतो, आणि मधल्या दिवसांत कष्टकऱ्याचं घर झिजतं. अर्थशास्त्रात हे कोणी सर्वांत स्वच्छ मांडलं याचा शोध मात्र मला उशिरा लागला, आणि ज्यांनी मांडलं त्यांचं घर आमच्या चाळीपासून चालत जाण्याच्या अंतरावर होतं.

मी अर्थशास्त्राकडे वळले ते दादांमुळे. ते साचे खात्यात, म्हणजे विणकामाच्या विभागात होते, शिक्षण चौथीपर्यंत. पण १९६३ सालची एक गोष्ट ते पुन्हा पुन्हा सांगायचे. त्या वर्षी मुंबईतल्या कामगारांनी ओरड केली की सरकारचा महागाईचा निर्देशांक खोटा बोलतो. बाजारात भाव एवढे चढलेत आणि आकडा तेवढा चढत नाही. आकडा चढला नाही म्हणजे भत्ता चढला नाही. मोर्चे निघाले, मुंबई बंद झाली. सरकारने तज्ज्ञांची समिती नेमली आणि तिचं अध्यक्षपद मुंबई विद्यापीठातले अर्थशास्त्राचे प्राध्यापक डी. टी. लकडावाला यांच्याकडे दिलं. त्या निर्देशांकाचा पाया १९३३-३४ सालचा होता. तीस वर्षांत माणसांचं खाणं-नेसणं बदललं, बाजार बदलला, आकडा मात्र जुन्याच टोपलीतल्या, म्हणजे जुन्या यादीतल्या, वस्तू मोजत बसला होता. कामगारांची तक्रार खरी आहे, निर्देशांक महागाई कमी दाखवतो, असं समितीने सांगितलं. "शिकलेल्या माणसाने आकडा सरळ केला," दादा म्हणायचे. त्यांच्या आवाजात त्या वेळी जो आदर असायचा तो मी त्यांना दुसऱ्या कोणाबद्दल बोलताना फारसा ऐकला नाही. मी मॅट्रिक झाले तेव्हा त्यांनी एवढंच म्हटलं, "ते आकड्याचं शीक."

मी शिकले. पण कबूल करायला हवं की पहिली काही वर्षं मी निर्देशांक फळ्यावर नुसत्या सूत्रासारखाच शिकवला. पायाभूत वर्ष, भार, सरासरी. मुलं उतरवून घ्यायची आणि परीक्षेत लिहायची. आईच्या डब्यातल्या चिठ्ठ्या आणि फळ्यावरचं सूत्र ही एकच गोष्ट आहे असं मी वर्गात एकदाही म्हटलं नव्हतं. का नाही म्हटलं याचं मला आजही वाईट वाटतं. समोर बसलेल्यांतल्या निम्म्या मुलांच्या घरी तशाच चिठ्ठ्या होत्या.

मग एका सुट्टीत मी बाबासाहेब आंबेडकरांचा 'द प्रॉब्लेम ऑफ द रुपी' नीट वाचायला घेतला. तोवर त्याचं नाव माहीत होतं, दोन-चार उतारे वाचले होते, इतकंच. अर्थतज्ज्ञ आंबेडकर आपल्याकडे दोन ओळींत आटोपले जातात: कोलंबिया, लंडन, रुपयावरचा ग्रंथ, रिझर्व्ह बँक. रिझर्व्ह बँकेच्या श्रेयावर बोलणारे पुष्कळ आहेत, त्यात मी भर घालत नाही. मला त्या ग्रंथात आणि त्यानंतर चलन आयोगापुढे दिलेल्या साक्षीत जे सापडलं ते माझ्या आईच्या प्रश्नाच्या फार जवळचं होतं.

काळ लक्षात घ्यायला हवा. १९१८च्या नोव्हेंबरात बाबासाहेब सिडनहॅम कॉलेजात अर्थशास्त्राचे प्राध्यापक झाले. पहिलं महायुद्ध नुकतंच संपत होतं. युद्धाच्या खर्चासाठी सरकारने भरमसाट चलन बाजारात ओतलं होतं, धान्य आणि कापड कडाडलं होतं, त्यात इन्फ्लुएन्झाची साथ. दोनच महिन्यांनी, १९१९च्या जानेवारीत, लाखावर गिरणी कामगार संपावर गेले. पोटाला पुरत नाही, ही त्यांची साधी तक्रार. बाबासाहेब तेव्हा परळच्या बीआयटी (बॉम्बे इम्प्रूव्हमेंट ट्रस्टच्या) चाळीत राहत होते. खाली-वर, डावी-उजवीकडे गिरणीत जाणारी माणसं. भाव वाढले की पगाराचं काय होतं हे कळायला त्यांना कुठला अहवाल उघडायची गरज नव्हती. पुन्हा लंडनला जाऊन त्यांनी जो प्रबंध लिहिला आणि जो १९२३ साली पुस्तकरूपाने आला, त्याच्यामागे मला हा मजला, हा सामायिक नळ आणि हे दहा बाय दहाचं बिऱ्हाड दिसतं.

ग्रंथाचा मुद्दा मी माझ्या भाषेत सांगते. रुपयाची किंमत पौंडात किती याची सरकारला मोठी काळजी होती. लंडनमध्ये रुपया स्थिर राहिला की सगळं ठीक. केन्ससारखा अर्थशास्त्रज्ञही त्या व्यवस्थेचा पुरस्कर्ता होता. बाबासाहेबांचं म्हणणं असं की देशातल्या बहुतेक माणसांना पौंडाशी कर्तव्य नसतं. त्यांचा रुपया ते बाजारात मोडतात. तिथे त्याला किती धान्य मिळतं हीच त्याची खरी किंमत. बाहेर रुपया स्थिर दिसत असताना आत त्याची खरेदीची ताकद घसरत असेल, तर ती व्यवस्था सदोष आहे. त्यांचे गुरू एडविन कॅनन यांनी प्रस्तावनेत आपले मतभेद लपवले नाहीत, पण शिष्याच्या विचारांतल्या ताजेपणाला दाद दिली.

यापुढचा भाग मला जास्त मोलाचा वाटतो. १९२५ साली हिल्टन यंग यांच्या अध्यक्षतेखाली भारताच्या चलनासाठी शाही आयोग आला. मुख्य वाद दराचा होता. एका रुपयाला १६ पेन्स की १८ पेन्स? ऐकायला कोरडं वाटतं. मी वर्गात हे शिकवताना खडू घेऊन सरळ हिशेब मांडते. तेव्हा एका पौंडाचे २४० पेन्स होत. रुपया १६ पेन्सचा धरला तर एक पौंड म्हणजे १५ रुपये. १८चा धरला तर १३ रुपये ५ आणे ४ पै. आता समजा एका व्यापाऱ्याने १०० पौंडांचा कापूस परदेशी विकला. पहिल्या दराने त्याच्या हातात १,५०० रुपये पडतात, दुसऱ्या दराने १,३३३ रुपये आणि वर थोडे आणे. माल तोच, परदेशी गिऱ्हाईक तेच, पौंड तेवढेच. तरी रुपया स्वस्त ठेवला की सुमारे १६७ रुपये जास्त. हे आले कुठून? परदेशी माणसाने तर एक पेनीही जास्त दिलेली नाही.

इथे वर्ग गप्प होतो. ही शांतता मला दरवर्षी आवडत आली आहे.

बाबासाहेबांचं उत्तर असं होतं की ते घरातूनच आले. रुपया स्वस्त झाला की देशात वस्तूंचे भाव चढतात. बाहेरून येणारं रॉकेल, साखर, कापड महाग होतं आणि बाहेर जाणारं धान्य-कापूसही इथे चढ्या भावाने विकलं जातं. पगार मात्र लगेच चढत नाही. मालकाला माल विकून जास्त रुपये मिळतात आणि मजुरी तो जुन्याच रुपयांत देतो. हा फायदा राष्ट्राने परदेशातून कमावलेला नसतो. देशातल्याच एका वर्गाने दुसऱ्या वर्गाच्या खिशातून घेतलेला असतो. धंदेवाला वर्ग आणि कमावून खाणारा वर्ग यांचं हित इथे एक नाही, हे त्यांनी आयोगापुढे उघडपणे मांडलं आणि दर १८ पेन्सच्या जवळचा असावा अशी बाजू घेतली.

त्या काळी हे सांगणं सोपं नव्हतं. देशी व्यापारी आणि गिरणीमालक १६ पेन्ससाठी आग्रही होते आणि ती मागणी राष्ट्रीय मागणी म्हणून पुढे आली होती. आयोगाचे सदस्य पुरुषोत्तमदास ठाकुरदास यांनी त्यासाठी वेगळी भिन्नमतपत्रिका जोडली. १८ पेन्सच्या बाजूने बोलणारा सरकारधार्जिणा समजला जाणार हे उघड होतं. ज्या माणसाकडे तेव्हा ना सत्ता होती ना पैसा, जो बॅटलीबॉय यांच्या अकाउंटन्सीच्या संस्थेत व्यापारी कायदा शिकवून संसार चालवत होता, त्याने या गर्दीत उभं राहून विचारलं की यात मजुराचं काय.

आणि तारीख बघा. बाबासाहेबांची साक्ष १५ डिसेंबर १९२५ची. त्याच वर्षीच्या सप्टेंबरात मुंबईच्या गिरणीमालकांनी मजुरीत साडेअकरा टक्के कपात जाहीर केली होती. दीड लाखाच्या आसपास कामगार बाहेर पडले आणि अडीच महिन्यांहून जास्त काळ बाहेर राहिले. डिसेंबरच्या सुरुवातीला सरकारने कापडावरची साडेतीन टक्क्यांची अबकारी, म्हणजे उत्पादनावरचा कर, स्थगित केली, कपात मागे घेतली गेली आणि भोंगे पुन्हा वाजले. म्हणजे बाबासाहेब आयोगापुढे बोलत होते तेव्हा परळमधल्या खोल्याखोल्यांत उसनवारी फेडणं चाललं असणार, गहाण टाकलेली भांडी सोडवणं चाललं असणार. साडेअकरा टक्क्यांची उघड कपात कामगारांनी उपाशी राहून परतवली होती. रुपया १८ पेन्सवरून १६वर आणला असता तर जी कपात झाली असती तिला कोणी कपात म्हटलंही नसतं. पगाराच्या पाकिटावरचा आकडा तोच राहिला असता. संप तरी कशाविरुद्ध करायचा? दोन घटना मी पहिल्यांदा कागदावर शेजारी शेजारी लिहिल्या तेव्हा अंगावर काटा आला. कोणी मला हे एकत्र शिकवलं नव्हतं. आंदोलनाचा इतिहास एका पुस्तकात होता आणि चलनाचा दुसऱ्या.

मी इथे सरळ रेघ मारून पुढे जाऊ शकत नाही. १९२७ साली कायद्याने १८ पेन्सचा दर ठरला आणि दोनच वर्षांनी जागतिक मंदी आली. शेतमालाचे भाव कोसळले. कर्ज जुन्या रुपयांत, सारा जुन्या रुपयांत, आणि कापसाला-भाताला भाव नाही. महाग रुपयाने त्या शेतकऱ्याचं ओझं वाढवलं, हा आक्षेप खरा आहे. कष्टकरी कुटुंब म्हणताना आपण कोणाला धरतो यावर उत्तर बदलतं. माझंच उदाहरण घ्या. आमचं गाव रत्नागिरीकडे. खाचरातला भात चार-पाच महिने पुरायचा, बाकीच्या दिवसांचा तांदूळ विकत. गावाकडची चूल मुंबईच्या मनीऑर्डरीवर पेटायची. आम्हाला तांदूळ महागला की दोन्हीकडे फटका, परळलाही आणि गावालाही. पण माझ्या नात्यातल्या एका सुनेचं माहेर खानदेशात, घरी कपाशी. तिथे भाव चढला की दिवाळी. एकाच लग्नाच्या पंगतीत बसलेल्या दोन कुटुंबांना एकच धोरण दोन दिशांना ओढतं. अर्थतज्ज्ञाने "जनतेचा फायदा" असा शब्द वापरला की मी लगेच विचारते, कुठल्या घरातल्या जनतेचा? ही सवय मला बाबासाहेबांच्या साक्षीने लावली. त्यांच्या उत्तराशी कोणी वाद घालावा, पण कोणाच्या खिशातून गेलं आणि कोणाच्या खिशात पडलं हे सांगण्याची जी शिस्त त्यांनी पाळली, ती सोडून अर्थशास्त्र शिकवू नये असं मला मनापासून वाटतं.

त्याच काळातलं आणखी एक काम मी वर्गात नेहमी सांगते, कारण ते थेट स्वयंपाकघरात नेतं. मुंबई सरकारचं कामगार कार्यालय १९२१ साली सुरू झालं. फिंडले शिरास त्याचे प्रमुख. त्यांनी २,४७३ कामगार कुटुंबांचे आणि ६०३ एकट्या राहणाऱ्या पुरुषांचे घरखर्च गोळा करून घेतले. कुटुंबाच्या दर शंभर रुपयांतले ५६.८ रुपये नुसत्या अन्नावर जात होते, आणि घरभाड्यावर ७.७. अहवालात धान्याची तुलना तुरुंगाशी केली होती. मुंबईचा गिरणी कामगार जेवढं धान्य खात होता ते तुरुंगातल्या कैद्याला ठरवून दिलेल्या धान्यापेक्षा कमी भरलं. हे वाक्य मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा पुस्तक मिटून ठेवलं. सगळ्या देशाला कापड विणून देणारा माणूस आणि कैद्याहून कमी धान्य. शिरास सरकारी अधिकारी होते, त्यांना क्रांती करायची नव्हती. त्यांनी घराघरातून हिशेब मागवले आणि जे आलं ते छापलं.

बाबासाहेब नंतर नुसतं समजावत बसले नाहीत. १९२८च्या जुलैत ते मुंबई विधिमंडळात गिरण्यांतल्या बायकांच्या प्रसूतिरजेच्या विधेयकावर उभे राहिले. बाळंतपणाच्या आधी आणि नंतर बाईला विश्रांती मिळणं हे देशाच्या हिताचं आहे, म्हणून सरकारनेही त्याचा भार उचलावा, आणि तिच्या श्रमाचा लाभ मालक घेतो म्हणून मालकालाही त्यातून सुटका नाही, असा त्यांचा युक्तिवाद होता. पुढल्या वर्षी कायदा झाला, देशातला तसा पहिला. त्या विधेयकाचा हिशेबही चलनाच्या साक्षीसारखाच आहे. बाई कामावर येत नाही त्या आठवड्यांचा खर्च कोणीतरी सोसतोच. कायदा नसतो तेव्हा तो ती स्वतःच्या शरीराने सोसते.

१९४२ ते १९४६ या काळात व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूर खातं त्यांच्याकडे होतं. युद्ध चालू असताना कोळसा खाणींत बायकांना जमिनीखाली कामाला लावण्यावरची बंदी सरकारने उठवली आणि बंदी उठवण्याचं समर्थन करण्याची पाळी त्यांच्यावर आली. ते पान मी वाचते तेव्हा मला आजही त्रास होतो. १९४६ साली बंदी परत लागू झाली. त्याच वर्षी कारखान्यातला आठवडा ४८ तासांवर आला. त्या वर्षीच्या एप्रिलमध्ये किमान वेतनाचं विधेयक मांडलं गेलं, जे १९४८ साली कायदा झालं. कामगारांच्या आजारपणाच्या विम्याची योजना बी. पी. अडारकर या अर्थशास्त्रज्ञाने १९४४ साली लिहून दिली होती. आपल्या ईएसआयचा, म्हणजे कर्मचारी राज्य विम्याचा, पाया तोच. माझ्या धाकट्या भावाचा जन्म ईएसआयच्या खाटेवर झाला, पण अडारकरांचं नाव आमच्या चाळीत कोणाला ठाऊक नव्हतं. आणि १ ऑक्टोबर १९४६ रोजी श्रम ब्यूरो स्थापन झाला. देशभरातल्या कामगारांसाठी ग्राहक किंमत निर्देशांक काढायचं काम आजही तोच करतो. दादांच्या चिठ्ठीवरच्या दुसऱ्या रकान्याची ही सगळी पूर्वपीठिका.

तो रकाना १९८२च्या जानेवारीत थांबला. १८ तारखेला संप सुरू झाला, अडीच लाखांच्या आसपास कामगार बाहेर पडले, आणि त्यातले फार थोडे पुन्हा साच्यापुढे उभे राहिले. दादा उभे राहिले नाहीत. मला नुकतीच कॉलेजात नोकरी लागली होती. माझा पगार घरी आला तेव्हा आईने सवयीने हात पुढे केला, "चिठ्ठी कुठाय?" मी दिली. दोन्ही रकाने तिच्या ओळखीचे होते. दादा खिडकीकडे तोंड करून बसले होते. त्यांनी वळून विचारलं, "महागाई बरोबर धरलीय ना?" त्यांच्याकडून मी ऐकलेला तो अर्थशास्त्राचा शेवटचा प्रश्न. त्यांच्या गिरणीने देणी फार उशिरा दिली, अर्धीमुर्धी दिली. त्याबद्दल मी आणखी लिहीत नाही, कारण गिरणगावातल्या हजारो घरांत हेच झालं.

निवृत्तीनंतर मी दर रविवारी दुपारी दोन तास एक छोटा वर्ग घेते. घरकाम करणाऱ्या आठ-दहा बायका येतात. ज्या उंच इमारतींत त्या काम करतात त्यांतल्या काही गिरण्यांच्याच जागेवर उभ्या आहेत. आम्ही घरखर्चाची वही लिहितो आणि पेपरातली एखादी बातमी वाचतो. मध्ये बातमी होती की महागाई कमी झाली. एकजण वैतागून म्हणाली, "बाई, हे लोक कुठल्या दुकानात जातात? माझं तेल तर तेवढ्यालाच आहे."

तिचं बरोबर होतं आणि बातमीही खोटी नव्हती. महागाईचा दर उतरला म्हणजे भाव चढण्याचा वेग उतरला. भाव चढलेलेच असतात, आता हळू चढतात. मी जिन्याचं उदाहरण देते. काल दोन-दोन पायऱ्या एकदम चढत होता, आज एक-एक चढतोय. खाली कोणी आलेलं नाही. पेपरवाले हे एका ओळीत सांगू शकतात, सांगत नाहीत.

मग मी त्यांना टोपली समजावते. कामगारांच्या निर्देशांकाची २००१च्या पायाची मालिका बदलून २०२० साली २०१६च्या पायाची आली. जुन्या टोपलीत खाण्यापिण्याचा भार, म्हणजे एकूण खर्चातला वाटा, ४६.२ टक्के होता, नव्या टोपलीत ३९.१७. घरभाडं, शिक्षण, दवाखाना यांचं वजन वाढलं. लोकांचा खर्च बदलतो तसा भार बदलायलाच हवा, १९६३ची शिकवण तीच. पण जिच्या हातात महिन्याला आठ हजार येतात तिच्या वहीत अन्न अजून निम्म्याच्या वर आहे. भाजी भडकली की त्या सरासरी टोपलीपेक्षा तिची टोपली जास्त जड होते. आणि या निर्देशांकासाठी ज्यांचे खर्च मोजले जातात ती कुटुंबं कारखाने, खाणी, मळे, रेल्वे, सार्वजनिक मोटार वाहतूक, वीजनिर्मिती आणि बंदरं या क्षेत्रांतली. घरकाम करणारी बाई त्यात नाही. तिच्या मजुरीला दुसरा रकानाच नाही. महाराष्ट्रात २००८ साली घरेलू कामगार कल्याण मंडळाचा कायदा झाला, त्याचं मला मोल आहे, पण महागाई भत्ता त्यातून येत नाही. तिचा पगार कधी वाढेल हे मालकिणीशी तिचे संबंध कसे आहेत त्यावर ठरतं.

गेल्या महिन्यात आम्ही एक हिशेब केला. त्यांच्यातल्या एकीचा एका घरचा पगार चार वर्षांपूर्वी आठ हजार ठरला होता, आजही आठ हजार. रिझर्व्ह बँकेचं महागाईचं लक्ष्य ४ टक्क्यांचं आहे. महागाई बरोबर तेवढीच राहिली असं धरलं, तरी चार वर्षांपूर्वी शंभराला मिळणारा बाजार आज एकशे सतरा रुपयांना. मी मोबाइलवर भागाकार करायला सांगितला. तिने तीनदा केला. आजचे आठ हजार म्हणजे तेव्हाचे साधारण ६,८४०. तिने वहीत आधी ८,००० लिहिलं, खाली ६,८४० लिहिलं, वजाबाकीची रेघ ओढली आणि ११६० हा आकडा लिहून त्याच्याभोवती पेनाने गोल केला. गोल पुरा होईना, पेन अडत होतं. तिने ते तोंडापाशी नेऊन फुंकलं आणि गोल पुरा केला.

"माझा पगार कोणी कापला नाही," ती सावकाश म्हणाली. "वहिनी तर दर महिन्याला पूर्ण देतात. चांगल्या आहेत. मग हे पैसे गेले कोणाकडे?"

बाकीच्या बायका माझ्याकडे बघायला लागल्या. बाहेर पावसाची सर आली होती, कोणीतरी उठून खिडकी लावली. मी फळा पुसला, खडू घेतला आणि वर लिहिलं: १ पौंड = २४० पेन्स.

"पौंड म्हणजे काय हो बाई?" मागून कोणीतरी विचारलं.

"सांगते," मी म्हटलं. "इथून दहा मिनिटांवर एक चाळ आहे. तिथे राहणाऱ्या एका माणसाला शंभर वर्षांपूर्वी हाच प्रश्न पडला होता."